घटका, दिवटी आणि किरणोत्सव

परदेशी फँटसी कादंबऱ्यांत आणि गेम्समध्ये एक ठरलेला प्रकार असतो. कुठल्यातरी उंच मनोऱ्यात एक गूढ संघ राहतो, त्यांच्याकडे काळ आणि उजेड सांभाळायचं काम असतं. लांब झगे, शपथा, पिढ्यान्‌पिढ्यांची गुपितं, आणि त्यांनी काम थांबवलं तर जगात अंधार! आमच्या कंपूत अशा गोष्टींवर तावातावाने चर्चा होतात. मला मात्र दरवेळी एकच प्रश्न पडतो. आपल्याकडे असं कोणी नव्हतं का?

होतं की. फक्त झग्याऐवजी खांद्यावर घोंगडं होतं, आणि मनोऱ्याऐवजी वाड्याची देवडी किंवा देवळाचा दरवाजा. आणि गुपित वगैरे काही नव्हतं, सगळा व्यवहार चोख लिहून ठेवलेला होता.

तर मंडळी, या शनिवारचा विषय हा. सुरुवात कोल्हापूरपासून, मग जरा नाशिक-खानदेशात फेरफटका, आणि परत कोल्हापूर.

आधी शब्द बघू, कारण शब्दांत बराच इतिहास फुकट मिळतो. 'एका तासाची मीटिंग' असं आपण म्हणतो, त्यातला 'तास' मुळात वेळ नव्हेच. तास म्हणजे काशाची जाड थाळी, जिच्यावर टोला मारून वेळ जाहीर करायचे. 'घड्याळ' हाही मुळात टोला देण्याच्या थाळीचाच शब्द. हिंदीत 'घड़ियाल' म्हटलं की अजून तीच आठवते. थाळीचं नाव वेळेला चिकटलं आणि थाळी गेली. 'घटका' ही तर सरळ भांड्यावरून आली. घटिका म्हणजे लहान घट, छोटंसं भांडं. 'घटकाभर बसा', 'त्याची घटका भरली', 'शेवटच्या घटका मोजतोय' यातलं भरणं आणि मोजणं अक्षरशः खरं होतं. एक भांडं भरायचं, आणि एक माणूस मोजायचा.

ते भांडं म्हणजे घटिकापात्र. तांब्याची अर्धगोल वाटी, बुडाला सुईएवढं भोक. पाण्याने भरलेल्या मोठ्या घंगाळात ही वाटी तरंगत सोडायची. भोकातून हळूहळू पाणी आत येतं, वाटी भरते आणि डुबकन बुडते. ती एक घटका. वाटी काढायची, रिकामी करायची, पुन्हा सोडायची. सूर्यसिद्धांतात या यंत्राचं वर्णन आहे आणि त्याची कसोटीही: अहोरात्रात ते बरोबर ६० वेळा बुडलं पाहिजे. म्हणजे एक घटका २४ मिनिटांची. तिचे ६० भाग केले की पळ, २४ सेकंदांचं. साडेसात घटकांचा एक प्रहर, आठ प्रहरांचा दिवस. 'आठौ प्रहर' म्हणतो ते हेच. म्हणजे आपण ज्याला 'चोवीस बाय सात सपोर्ट' म्हणतो त्याला मराठीत आधीपासून शब्द होता, एवढंच. :-)

इंजिनिअरच्या डोक्याला लगेच खाज सुटते: याची अचूकता किती? भोकात कचरा अडकला तर घटका लांबणार. पाणी गरम असेल तर पातळ वाहणार, थंड असेल तर जरा सावकाश. वाटीला पोचा आला तरी फरक. पण इथे एक झकास युक्ती होती. घटका मोजायच्या त्या सूर्योदयापासून. रोज सकाळी सूर्य उगवला की मोजणी शून्यावर. म्हणजे दिवसभरात साचलेली चूक दुसऱ्या दिवशी पुढे जातच नाही! आपले सर्व्हर ठराविक वेळाने अचूक घड्याळाला विचारून स्वतःची वेळ दुरुस्त करून घेतात, तोच हिशोब. फक्त त्यांचा मास्टर क्लॉक १५ कोटी किलोमीटरवर होता आणि कधीच डाऊन जात नव्हता. (पावसाळ्यात दिसायचा नाही ती गोष्ट वेगळी.)

आणि तरीही यंत्र एकटं काही करत नव्हतं. यांत्रिक घड्याळ किल्ली दिली की निदान दिवसभर चालतं. घटिकापात्राला दर २४ मिनिटांनी माणूस लागतो. दिवसातून ६० वेळा, पहाटे तीन वाजताही. वाटी बुडाली तेव्हा मोजणारा डुलकी घेत असेल तर ती घटका गेली, परत येत नाही. म्हणून वाड्यांवर, दरबारांत या कामाला पाळ्यांनी माणसं असायची. थाळीवर टोला देणारा तो घड्याळजी. लग्नघरी हेच काम जोशीबुवांकडे. तांदळावर पाण्याचं भांडं, त्यात घटिकापात्र, त्याची पूजा, आणि मुहूर्ताची घटका भरेपर्यंत सगळ्यांचे डोळे तिकडे. मंगलाष्टकांतलं 'सावधान' मला तरी त्या भांड्याकडे लक्ष ठेवायची ताकीद वाटते.

लीलावतीची गोष्ट आठवते ना? भास्कराचार्यांच्या मुलीने लग्नाच्या वेळी घटिकापात्रात वाकून बघितलं, दागिन्यातला मोती निसटून भोकात अडकला, वाटी बुडालीच नाही आणि मुहूर्त टळला. ही आख्यायिकाच. अकबराच्या दरबारातल्या फैजीने १५८७ मध्ये 'लीलावती'चं फारसी भाषांतर केलं, त्याच्या प्रस्तावनेतून ती पसरली. पण गोष्ट म्हणून बघा, केवढी नेमकी आहे! वेळ चुकली ती कोणी लक्ष दिलं नाही म्हणून नव्हे, तर ज्याचं काम नाही त्याने वाकून बघितलं म्हणून. प्रॉडक्शन सर्व्हरवर काम करणाऱ्यांना हे जास्त सांगायला नको.

आता उजेड.

विजेआधीच्या गावात रात्रीचा उजेड ही आपोआप मिळणारी गोष्ट नव्हती. घाण्यावर तेली तेल काढणार, कोणीतरी ते देवळात पोचवणार, गुरव दिवा लावणार, वात पुढे सारणार, काजळी झाडणार. नंदादीप म्हणजे न विझणारा दिवा असं आपण म्हणतो. दिवा कसला न विझतो! तो विझू न देणारा माणूस असतो. काकड आरती हे नावसुद्धा काकड्यावरून आलं. कापडाचा पीळ घालून तेला-तुपात भिजवलेली जाड वात म्हणजे काकडा. पहाटेच्या अंधारात देवाचं तोंड दिसायचं ते त्याच्या उजेडात. बाहेर वाटेवर उजेड दाखवणारा तो दिवट्या. हातात दिवटी आणि बुधलीत तेल. गोंधळ्यांच्या हातात दिवटी अजून असते, आणि अनेक घरांच्या देव्हाऱ्यात दिवटी-बुधलीची जोडी असते. आता तिचा अर्थ विचारला तर आजीच सांगू शकेल.

कोल्हापुरात अंबाबाईच्या देवळात ही दोन्ही कामं अजून एकाच आवारात दिसतात. उत्तरेचा दरवाजा म्हणजे घाटी दरवाजा. तिथे मोठी घंटा आहे, ठराविक वेळी वाजते, आणि दरवाज्याचं नावच तिच्यावरून पडलं. महाद्वारातून आत आलं की दोन्ही हातांना दीपमाळा. पालखीच्या लवाजम्यात चोपदार, मशालजी, रोशननाईक ही पदं. रोशननाईक! म्हणजे उजेडाचा नाईक. फँटसी लेखकाने कितीही डोकं खाजवलं तरी याहून चांगलं पद सुचणार नाही. दिवाळीत मध्यरात्रीनंतर देवळाच्या शिखरावर चढून काकडा लावायची रीत आहे. दगडी शिखर, थंडी, काळोख, एका हातात पेटता काकडा. आमच्याकडे एवढ्या जोखमीच्या कामाला तीन अप्रूव्हल लागतात.

आता प्रश्न पैशांचा. एवढी माणसं पोसायची कोणी? इथे दोन शिलालेख मला फार आवडतात.

पहिला नाशिकचा. पांडवलेण्यांत आभीर राजा ईश्वरसेनाच्या काळातला, म्हणजे इसवी सनाच्या तिसऱ्या शतकातला एक लेख आहे. विष्णुदत्ता नावाच्या शक स्त्रीने दान दिलं. त्रिरश्मी डोंगरावरच्या विहारात जे भिक्षू आजारी पडतील त्यांच्या औषधासाठी. पण पैसे विहाराच्या हातात दिले नाहीत. ते गावातल्या श्रेण्यांकडे, म्हणजे कारागिरांच्या संघांकडे, कायमची ठेव म्हणून ठेवले. ठेव मोडायची नाही, व्याजावर औषधं आणायची. या श्रेण्यांमध्ये एक आहे तिलपिषकांची, म्हणजे तेल गाळणाऱ्यांची. आणि दुसरी आहे ओदयंत्रिकांची, म्हणजे पाण्याची यंत्रं करणाऱ्यांची. तिच्याकडे २००० कार्षापण. पाण्याचं यंत्र म्हणजे रहाट की घटिकायंत्र, हे नुसत्या शब्दावरून ठरत नाही. पण पाण्याच्या यंत्रवाल्यांचा संघ आणि तेलवाल्यांचा संघ एकाच दगडावर शेजारी शेजारी, आणि दोघांवर लोकांचा विश्वास एवढा की कायमची ठेव त्यांच्याकडे! राजे बदलतील, श्रेणी टिकेल, असा तो हिशोब होता. आज कुठल्या कंपनीबद्दल आपण असं म्हणू शकतो?

दुसरा लेख चाळीसगावजवळच्या पाटणचा, १२०७ सालचा. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने तिथे मठ काढला, कशासाठी, तर आजोबांच्या 'सिद्धांतशिरोमणी' आणि इतर ग्रंथांच्या अभ्यासासाठी. म्हणजे ग्रहगणित, कालगणना. थोडक्यात, काळ मोजायची शाळा. निकुंभ घराण्यातल्या सोइदेवाने तिला उत्पन्न लावून दिलं, आणि या लेखाचा काही भाग चक्क जुन्या मराठीत आहे. त्यात गावकऱ्यांनी काय काय द्यायचं याची यादी येते, आणि त्यात एक कलम असं की गावात जेवढे घाणे चालतील त्या दर घाण्यामागे पळी पळी तेल. विद्यार्थी रात्री कुठल्या उजेडात गणितं करत असतील, याचं उत्तर मला तरी या पळीत दिसतं. वेळेची शाळा उजेडाच्या कारागिरांवर चालली होती.

इथपर्यंत वाचून 'काय ते दिवस!' असं वाटत असेल तर जरा थांबा. मलाही वाटलं होतं, पण नाण्याची दुसरी बाजू बघायला हवी. श्रेणीत माणूस कसबाने शिरत असेल, पण नंतरच्या गावगाड्यात ही कामं जन्माला बांधलेली. गुरवाचा मुलगा गुरव, तेल्याचा तेली. ज्यांच्याकडे इनाम जमीन, मान, पालखीत जागा, त्यांना ते वतन. ज्यांच्या वाट्याला रात्रीची राखण, सरकारी माणसापुढे मशाल धरून धावणं, निरोप पोचवणं आलं, त्यांच्यासाठी ती वेठ. तेही 'सेवा'च म्हणवलं जायचं, पण नाही म्हणायची सोय नव्हती. कोल्हापुरात याला हात घातला तो शाहू महाराजांनी. १९१८ च्या सुमारास त्यांनी आपल्या संस्थानात कुलकर्णी वतनं आणि महार वतनं रद्द केली. पिढीजात राखणदारीतून माणूस सुटला पाहिजे, मग काम कोण करेल ते बघू, असा तो निर्णय. मला वाटतं, दिव्याचं कौतुक करताना दिवटी धरणाऱ्याचा हात भाजतो का हे विचारणारी माणसं थोडी असतात. ते त्यातले एक.

मग काम कुणी केलं? हळूहळू यंत्रांनी आणि ऑफिसांनी.

वेळ आधी गेली. १८९१ मध्ये मिरज-कोल्हापूर रेल्वे सुरू झाली. तेव्हा देशातल्या रेल्वेगाड्या मद्रासच्या वेळेवर धावायच्या. आता गंमत बघा. मद्रास साधारण ८० अंश १४ मिनिटं पूर्व रेखांशावर, कोल्हापूर ७४ अंश १४ मिनिटांच्या आसपास. फरक सहा अंश. एक अंशाला चार मिनिटं, म्हणजे २४ मिनिटं. बरोब्बर एक घटका! गावात सूर्य डोक्यावर यायचा तेव्हा स्टेशनातल्या घड्याळात एक घटका आधीच भरलेली असायची. गावातल्या सूर्यावर विसंबून स्टेशन गाठणाऱ्याची गाडी चुकली नसती तरच नवल. १९०६ पासून भारतीय प्रमाणवेळ आली, तिचा रेखांश साडेब्याऐंशी अंश. मग फरक ३३ मिनिटांचा झाला. तेव्हापासून कोल्हापुरात घड्याळात बारा वाजतात तेव्हा सूर्याचे सरासरीने साडेअकराच झालेले असतात. मुंबईने याविरुद्ध बराच दंगा केला. तिथल्या महापालिकेने जुनी मुंबई वेळ १९५५ पर्यंत चालवली.

नवा राजवाडा (१८७७ ते १८८४) बघायला गेलात तर मधोमध घड्याळाचा मनोरा दिसतो. वेळ आता सगळ्यांना दिसत होती, पण ती गावाची राहिली नव्हती. देवडीवरच्या माणसाने ठरवलेली नव्हती, कुठल्यातरी दूरच्या रेखांशाने ठरवलेली होती.

उजेडाचंही तेच. मशालजी गेला, मग रॉकेलचे कंदील लावणारा नगरपालिकेचा माणूस आला, मग वीज आली आणि तोही गेला. एक खूण मात्र शिल्लक आहे. गावी घर असेल तर ग्रामपंचायतीच्या घरपट्टीची पावती काढा. त्यात घरपट्टीखाली एक ओळ असते: 'दिवाबत्ती कर'. पाटणच्या लेखातली पळीभर तेलाची ओळ आठशे वर्षांनी रुपयांत छापून येते, एवढाच फरक. दिवा आहे, बत्ती आहे, कर आहे. फक्त कोणाला विचारायचं ते माहीत नाही. रस्त्यावरचा दिवा महिनाभर बंद राहतो तेव्हा हे नीट कळतं.

आता माझ्या मुख्य मुद्द्याकडे येतो. कोल्हापुरात एक उजेड असा आहे की त्याला तेल लागत नाही, वात लागत नाही, वीज लागत नाही, आणि तरी तो सांभाळावाच लागतो. किरणोत्सव.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: अंबाबाईची मूर्ती पश्चिमेकडे तोंड करून आहे. वर्षातून दोनदा मावळत्या सूर्याची किरणं महाद्वारातून आत येतात, गरुड मंडपातून पुढे सरकतात, गाभाऱ्यात पोचतात. परंपरेने या तारखा ९, १०, ११ नोव्हेंबर आणि ३१ जानेवारी, १, २ फेब्रुवारी. पहिल्या दिवशी चरण, दुसऱ्या दिवशी छाती, तिसऱ्या दिवशी मुख, अशी चढती अपेक्षा असते. अलीकडे आधीनंतरचा एकेक दिवसही निरीक्षणासाठी धरतात.

दोनदाच का? आणि याच तारखा का? २१ डिसेंबरला सूर्य सगळ्यात दक्षिणेला असतो. त्याच्या आधी ४१ दिवस म्हणजे १० नोव्हेंबर, नंतर ४२ दिवस म्हणजे १ फेब्रुवारी. सूर्य जाताना ज्या ठिकाणाहून गेला, येताना त्याच ठिकाणाहून येतो. कोल्हापुरात या दिवसांत तो नेमक्या पश्चिमेपासून साधारण १७-१८ अंश दक्षिणेकडे मावळतो. देवीपासून दरवाज्यातून बाहेर जाणारी नजरेची रेषा तिथेच जाऊन भिडते.

आता एक कोडं. नोव्हेंबरात किरणं पावणेसहाच्या सुमारास येतात, फेब्रुवारीत सव्वासहाच्या सुमारास. सूर्य त्याच जागी, दार तेच, मूर्ती तीच, मग अर्ध्या तासाचा फरक कशाचा? हा फरक सूर्यात नाही, आपल्या घड्याळात आहे! पृथ्वीची कक्षा लंबवर्तुळ आणि आस कललेला, म्हणून खरा सूर्य वर्षभर घड्याळाच्या थोडा मागेपुढे चालतो. नोव्हेंबरच्या सुरुवातीला तो घड्याळाच्या सुमारे १६ मिनिटं पुढे, फेब्रुवारीच्या सुरुवातीला १३-१४ मिनिटं मागे. बेरीज झाली तीस. सूर्योदयापासून घटका मोजणाऱ्या घड्याळजीला हे कोडं पडलंच नसतं. त्याच्या हिशोबात दोन्ही वेळा किरणं जवळपास त्याच घटकेला येतात.

आता नाजूक भाग. सूर्य खाली जातो तशी किरणं जास्त आडवी होतात, म्हणून उजेडाचा पट्टा आधी मंडपाच्या फरशीवर, मग उंबऱ्यावर, मग चरणांवर, मग वर वर चढतो. म्हणजे मुखावर किरण पोचायचं तर सूर्य शेवटपर्यंत मोकळा दिसायला हवा, अगदी क्षितिजाजवळ उतरेपर्यंत. या दिवसांत कोल्हापुरात सूर्याला एक अंश खाली उतरायला साधारण साडेचार मिनिटं लागतात. शंभर मीटर अंतरावर एक अंश म्हणजे पावणेदोन मीटर उंची. आता गणित करा. महाद्वार रोडवर देवळापासून शंभर मीटरवर, बरोबर त्या रेषेत, एखाद्या इमारतीवर तीन मीटरचा एक मजला चढला, तर सात-साडेसात मिनिटांचा उजेड गेला. आणि जातो तो नेमका शेवटचा, म्हणजे वरपर्यंत चढणारा. किरणं चरणांपर्यंत येतात, गुडघ्यापर्यंत चढतात, आणि तिथेच विझतात. मजलाच कशाला, एखादी पाण्याची टाकी, होर्डिंग, छपराचा पत्रा पुरेसा आहे. सूर्याचं बिंब स्वतःच अर्ध्या अंशाचं. त्या हिशोबाने शंभर मीटरवर एक मीटर आडोसा म्हणजे सगळं बिंब गायब.

त्यात हवा. सूर्य क्षितिजापासून दोन अंश वर असतो तेव्हा त्याचा प्रकाश, डोक्यावरच्या सूर्याच्या मानाने, सुमारे वीसपट हवेतून येतो. धूर, धूळ, बाष्प, ढग, सगळं वाटेत. म्हणून इथल्या महाविद्यालयांतले प्राध्यापक दरवर्षी उपकरणं घेऊन बसतात, प्रकाशाची तीव्रता मोजतात, कुठल्या टप्प्यावर किती मिनिटांनी किरणं पोचली ते टिपतात. अडथळे कुठले याचे सर्वे झाले, काही हटवलेही गेले. एखाद्या वर्षी किरणं मुखापर्यंत जातात आणि शहरभर आनंद होतो, एखाद्या वर्षी ढग येतात आणि लोक हळहळत घरी जातात.

दुकानदारांची बाजूही आहे, ती वाऱ्यावर सोडता येणार नाही. ज्याची वडिलोपार्जित जागा बरोबर त्या रेषेत आली त्याने वर्षातल्या सहा संध्याकाळींसाठी मजला का चढवू नये? त्याला कोणी इनाम देणार आहे का? जुन्या व्यवस्थेत दिव्याची जबाबदारी ज्याच्यावर टाकली जायची त्याला निदान कधी जमीन, कधी पळीभर तेल, कधी मान मिळायचा. (आणि कधी काहीच नाही, ते वर आलंच.) आज आपण त्याच्याकडून फक्त त्याग मागतो, तोही वर्तमानपत्रातून. उजेडाची वाट मोकळी ठेवणं हे सगळ्या गावाचं काम असेल तर त्याचा खर्चही गावाने वाटून घ्यायला हवा. पाटणकरांना हे १२०७ मध्ये कळलं होतं: दर घाण्यामागे पळी, एकाच घाण्यावर घागर नाही. रेषा कुठून जाते ते नकाशावर आखून द्या, उंचीचा नियम करा, आणि ज्याचा मजला गेला त्याला दुसरीकडे बांधकामाचा हक्क द्या. शहरांच्या नियोजनात अशा सोयी आहेत. इच्छा हवी.

आणि हे फक्त श्रद्धेचं प्रकरण आहे असंही मला वाटत नाही. देवी मानणारा असो वा नसो, मुख्य गोष्ट अशी की एक दगडी वास्तू दरवर्षी आकाशाशी आपलं घड्याळ जुळवते, आणि आपण मध्ये एक टाकी ठेवली तर ते जुळणं मोडतं. मूर्ती एके काळी देवळात नव्हतीसुद्धा. परचक्राच्या भीतीने ती लपवून ठेवलेली होती, आणि १७१५ मध्ये विजयादशमीला पुन्हा बसवली गेली. त्या मधल्या वर्षांतही सूर्य आपल्या जागी मावळतच होता. मूर्ती परत आली तेव्हा मधली वाट मोकळी होती, म्हणून पुढचं सगळं शक्य झालं.

आपण आयटीवाले हेच काम वेगळ्या नावाने करतो, असं मला कधीकधी वाटतं. रात्री तीनला फोन वाजतो, कुठल्यातरी सर्व्हरचं घड्याळ सरकलेलं असतं, डेटा सेंटरचा वीजपुरवठा गेलेला असतो, आणि कोणीतरी डोळे चोळत उठतो. वेळ आणि वीज. घटका आणि दिवटी. सगळं नीट चाललं तर कोणाला कळतही नाही की कोणी जागं होतं. फरक एवढाच की घड्याळजीचा टोला गावाला ऐकू जायचा, ज्याची वेळ तो राखायचा ती माणसं त्याला तोंडाने ओळखायची. आपल्याला तेवढं मिळत नाही. पण नको असेल तर राजीनामा देता येतो, आणि ही सोय त्या बिचाऱ्या मशालवाल्याला नव्हती. दोन्हींपैकी काय निवडाल, असं विचारलं तर मी दुसरंच निवडेन, पण पहिल्याची थोडी चुटपूट लागतेच.

किरणोत्सवातली मला सगळ्यात आवडणारी गोष्ट शेवटी सांगतो. किरणं यायची वेळ झाली की देवळातले दिवे बंद करतात. सगळे. एरवी ज्या आवारात उजेड राखायला पिढ्या खपल्या तिथे त्या दहा-पंधरा मिनिटांत उजेड राखणं म्हणजे बटण खाली करणं आणि दारातून बाजूला होणं. गर्दी दोन्ही बाजूंना सरकते, मधली वाट मोकळी होते, आणि लोक गप्प उभे राहतात. कोल्हापूरकर आणि गप्प, तेही एवढे सगळे! हे दुर्मिळ दृश्य बघायला तरी एकदा जायला हवं.

तर जमलं तर ९ ते ११ नोव्हेंबर, नाहीतर ३१ जानेवारी ते २ फेब्रुवारी. संध्याकाळी पाचपर्यंत आत पोचा, फेब्रुवारीत साडेपाच चालेल (का, ते वर सांगितलंय). गाडी महाद्वार रोडपासून लांब लावा. आणि त्या वेळात मोबाईलचा फ्लॅश मारू नका, राव.